भुकेची गोष्ट वाचण्याआधी मूठभर शेंगदाणे

माण तालुक्यातल्या आमच्या गावात दर शनिवारी दुपारी चार वाजता ग्रंथालयाच्या ओसरीवर मी मुलांना पुस्तक वाचून दाखवते. तेवीस-चोवीस पोरं येतात. त्यांना सोडायला आलेल्या आज्या भिंतीला टेकून बसतात आणि शेवटपर्यंत उठत नाहीत. जिल्हा परिषदेच्या शाळेतून निवृत्त झाल्यापासून हे चालू आहे. वाचते ती बरीचशी पुस्तकं अन्नाची आणि भुकेची. १९७२ च्या दुष्काळात मी दहा वर्षांची होते. आई दुष्काळी कामावर खडी फोडायला जायची आणि तिथं मिळालेली सुकडी, म्हणजे मजुरांना वाटायचं ते कोरडं खाणं, पदरात बांधून आणायची. आपल्या गावात, शाळेत किंवा सोसायटीत कुणाला असं वाचन सुरू करायचं असेल, तर माझ्या हातून काय साधलं आणि काय चुकलं ते सांगते.

आधी खायला द्या, मग पुस्तक उघडा. समोरचं कोण जेवून आलंय नि कोण नाही, हे आपल्याला माहीत नसतं, आणि विचारायचं तर मुळीच नाही. एक किलो भाजके शेंगदाणे आणि अर्धा किलो गूळ एवढ्यात चोवीस मुलं होऊन आज्यांनाही पुरतं. सगळ्यांना सारख्याच पुड्या करा. घरून काही आणायला सांगू नका, कारण डबे उघडले की कुणाच्या डब्यात काय आहे ते सगळ्यांना दिसतं.

माझी चूक याच बाबतीतली. नोकरीच्या सुरुवातीच्या वर्षांत मी चौथीच्या वर्गाला ‘काल रात्री मी काय जेवलो’ यावर पाच ओळी लिहायला सांगितल्या. एका मुलानं श्रीखंड-पुरी लिहिली. मी ते मोठ्यानं वाचलं, वर्ग हसला, आणि तो मुलगा पुढं आठवडाभर माझ्याकडे बघत नव्हता. त्याच्या घरी रात्री चूल पेटली होती की नाही, हे मला आजही माहीत नाही. पुढं शरणकुमार लिंबाळे यांचं ‘अक्करमाशी’ हे आत्मकथन वाचलं. त्यात शाळेच्या सहलीचा प्रसंग आहे. वरच्या जातींची मुलं जेवतात आणि उरलंसुरलं दलित मुलांच्या वाट्याला येतं. घरी आल्यावर आई म्हणते, मला का नाही आणलंस? आणि मग गुरुजी सहलीवर निबंध लिहायला सांगतात. ते पान वाचून मी पुस्तक मिटून ठेवलं. मला त्यात माझाच वर्ग दिसला होता. तेव्हापासून प्रश्न विचारायचा तो गोष्टीतल्या माणसाबद्दल. समोरच्या मुलाच्या ताटाबद्दल कधीच नाही.

सात वर्षांपर्यंतच्या मुलांना ‘चल रे भोपळ्या टुणूक टुणूक’ सांगा. पुस्तक नसलं तरी चालतं. ‘लेकीकडे जाईन, तूपरोटी खाईन, लठ्ठ होईन, मग मला खा’ ही ओळ अख्खी ओसरी एका सुरात म्हणते. मग विचारा, वाघाला भूक लागली होती, म्हातारीलाही लागली होती, मग दोघांच्या भुकेत फरक काय? एकदा एक पोर म्हणालं, वाघाला थांबता येतं. मी अजून त्यावर विचार करतेय. एरिक कार्ल यांचं १९६९ सालचं भुकेल्या सुरवंटाचं चित्रपुस्तक मिळालं तर जरूर आणा. सोमवारी एक सफरचंद, मंगळवारी दोन नासपती असं तो खात जातो, आणि जिथं खाल्लं तिथं पानाला खरंच भोक असतं. मुलं त्यात बोट घालतात. तिसऱ्या दिवशीच्या प्लमच्या जागी मी बोरं म्हणते. शनिवारी तो केकपासून लोणच्यापर्यंत सगळं खातो आणि पोट दुखवून घेतो. रविवारी एका हिरव्या पानावर बरा होतो.

आठ ते बारा वर्षांच्या मुलांसाठी माझी दोन ठरलेली पुस्तकं आहेत. ‘तोत्तोचान’ या जपानी पुस्तकातल्या शाळेत मुख्याध्यापक सांगतात, डब्यात काहीतरी समुद्रातलं आणि काहीतरी डोंगरातलं असावं. वाचणारे बहुतेक जण इथंच थांबतात. तुम्ही पुढचं नीट वाचा. मुख्याध्यापकांची बायको दोन भांडी घेऊन मुलांमधून फिरते, आणि ज्याच्या डब्यात जे कमी असेल ते वाढते. ती भांडी आहेत म्हणून तिथं डबे उघडण्यात कुणाला कमीपणा येत नाही. आमच्याकडे समुद्र नाही, म्हणून आम्ही ‘जमिनीवरचं आणि जमिनीखालचं’ असा खेळ करतो. शेंगदाणा जमिनीखालचा आणि उसामुळे गूळ जमिनीवरचा, म्हणजे पुडी पूर्ण झाली.

दुसरं, ‘श्यामची आई’मधलं ‘अळणी भाजी’. भाजीत मीठ नाही हे वडिलांना पहिल्याच घासाला कळतं, पण ते काही न बोलता जेवतात आणि मुलंही. आई शेवटी जेवायला बसते तेव्हा तिला समजतं. शाळेत आपण ही गोष्ट संयमाची म्हणून शिकवली. मी आता ‘आई शेवटी बसते’ या वाक्यावर थांबते. तुमच्या घरी शेवटी कोण जेवतं, ते आज रात्री नुसतं बघा, असं सांगते. उत्तर मागत नाही. भिंतीजवळच्या आज्या एकमेकींकडे बघतात, तेवढं पुरे.

तेरा-चौदा वर्षांपुढच्यांना अण्णा भाऊ साठे यांची ‘स्मशानातील सोनं’ वाचून दाखवा, पण एका दमात नको. कामासाठी मुंबईला आलेला भीमा ज्या खाणीत राबतो ती बंद पडते, तिथं पुस्तक खाली ठेवा. आता याच्यापुढं काय वाटा आहेत, ते मुलांना बोलू द्या. उधारी, गावाला परत जाणं, चोरी, सगळं निघतं. मगच पुढचं वाचा, भीमा मढी उकरून त्यांच्या अंगावरचं सोनं शोधायला लागतो ते. स्वतः पर्याय शोधून झालेली मुलं भीमाला नावं ठेवत नाहीत. शेवट भयंकर आहे. त्याची बोटं जातात आणि खाण पुन्हा सुरू होते. त्या दिवशी घाईघाईनं घरी पाठवू नका, दहा मिनिटं बसा.

मोठ्यांसाठी महिन्यातून एक शनिवार वेगळा ठेवा. सुरुवात तुकोबांपासून करा. १६३० च्या सुमाराच्या दुष्काळाबद्दल ते म्हणतात, ‘दुष्काळें आटिलें द्रव्यें नेला मान । स्त्री एकी अन्न अन्न करितां मेली ॥’ पहिल्यांदा पैसा गेला, मग मान गेला, मग माणूस गेलं. आमच्या आज्यांना याचा अर्थ सांगावा लागत नाही. त्यानंतर अर्थतज्ज्ञ अमर्त्य सेन यांचं म्हणणं मी तोंडी सांगते. १९४३ साली बंगालमध्ये तीसएक लाख माणसं मेली, तेव्हा तांदूळ होता, पण तो विकत घेण्याइतका पैसा मजुराच्या हातात नव्हता. हे त्यांनी १९८१ च्या पुस्तकात मांडलं, आणि तो दुष्काळ त्यांनी शांतिनिकेतनात लहानपणी डोळ्यांनी पाहिला होता. खडी फोडून मजुरी आणलेल्या बाईला रोजगार हमी म्हणजे काय, हे यातून नव्यानं दिसतं. पत्रकार पी. साईनाथ यांचं ‘दुष्काळ आवडे सर्वांना’ त्याच्या पुढच्या महिन्यात घ्या. त्यातला एकेक लेख एका बैठकीत होतो.

आणखी एक जोडी करून बघा. कमलाबाई ओगले यांची ‘रुचिरा’ आणि शाहू पाटोळे यांचं ‘अन्न हे अपूर्ण ब्रह्म’ एकाच सतरंजीवर शेजारी-शेजारी ठेवा. ‘रुचिरा’ १९७० साली आली. दोनच वर्षांनी आमच्या घरी परदेशातून आलेल्या मिलो ज्वारीच्या लालसर भाकऱ्या होत होत्या. पाटोळे यांनी २०१५ च्या पुस्तकात मराठवाड्यातल्या महार-मांग घरांतलं खाणं लिहून ठेवलंय, जे स्वयंपाकाच्या पुस्तकांत कधी आलंच नव्हतं. बायकांना दोन्हींतली एकेक कृती मोठ्यानं वाचायला द्या आणि आपण गप्प बसा. तेल किती, साजूक तूप किती, यावरूनच बोलणं सुरू होतं.

हे बोलणं लिहून ठेवायला शंभर पानी वही घ्या. मोबाइल समोर धरला की आज्या भाषणासारखं बोलतात. सांगणाऱ्याचं नाव लिहू नका. त्यांचे शब्द त्यांच्याच बोलीत उतरवा, शुद्ध करू नका, आणि लिहिलेलं त्यांना तिथंच वाचून दाखवा.

गेल्या उन्हाळ्यात एका आजीनं बहात्तर सालच्या एका रात्रीची हकीकत सांगितली. मी ती वाचून दाखवली. तिनं दोन शब्द बदलायला लावले आणि म्हणाली, ‘बाई, ऱ्हाऊ द्या वहीत, पर माझ्या सुनंपुढं वाचू नगा.’ वहीतलं ते पान मी दुमडून ठेवलंय.