टायटल वनच्या मीटिंगला जाण्याआधी

अमेरिकेत मुलांच्या दप्तरातून ‘ॲन्युअल टायटल वन मीटिंग’ असा कागद घरी आला, की आपल्यातले बरेच पालक तो बाजूला ठेवून देतात. टायटल वन म्हणजे गरीब मुलांसाठीचा निधी, आपला काय संबंध, असं वाटतं. संबंध आहे. शाळेतली निदान 40 टक्के मुलं कमी उत्पन्नाच्या घरांतली असतील, तर हा केंद्रीय निधी अख्ख्या शाळेसाठी वापरता येतो. वाचनाचा जादा तास घेणारी शिक्षिका मग तुमच्या मुलीलाही शिकवते. तेव्हा जायचंच, आणि तयारी करून जायचं.

तयारी सुरू होते ती सप्टेंबरमध्ये येणाऱ्या, शाळेतल्या मोफत किंवा सवलतीच्या जेवणाच्या फॉर्मपासून. डिस्ट्रिक्टला, म्हणजे भागातल्या सरकारी शाळा चालवणाऱ्या संस्थेला, किती पैसे मिळणार हे जनगणना खात्याच्या गरिबीच्या अंदाजांवरून ठरतं, पण डिस्ट्रिक्टच्या आत कोणत्या शाळेचा नंबर आधी लागणार हे बहुतेक ठिकाणी मोफत किंवा सवलतीच्या जेवणाला पात्र मुलांच्या संख्येवरून ठरतं. 75 टक्क्यांवरच्या शाळा आधी घ्याव्याच लागतात. लाजेपोटी न भरलेला प्रत्येक फॉर्म म्हणजे शाळेच्या खात्यातून कमी झालेलं एक मूल. एकाच्याच पगारावर चालणारं घर असेल, शिष्यवृत्तीवर शिकणारे आईबाप असतील, नोकरी गेली असेल, तर फॉर्म जरूर भरा; वर्षाच्या मध्येही भरता येतो. त्यात व्हिसा विचारत नाहीत. सोशल सिक्युरिटीचे शेवटचे चार आकडे मागतात. नंबर नसेल तर तशी खूण करायची. गफलत होते ती पगाराच्या रकान्यात. कापून हातात येणारी रक्कम नाही, कपातीआधीची लिहायची. आणि ‘दर दोन आठवड्यांनी’ व ‘महिन्यातून दोनदा’ हे दोन वेगळे चौकोन आहेत. पहिल्यात वर्षाला 26 पगार, दुसऱ्यात 24. सवलतीच्या सीमेवरच्या घराचा निकाल एवढ्यानंही फिरू शकतो. शाळेत सगळ्यांनाच जेवण मोफत असेल तर हा फॉर्म येत नाही, पण त्याऐवजी उत्पन्नाचा वेगळा कागद आला तर तो फेकू नका.

मग शाळेच्या ऑफिसला ईमेल करून तीन कागद आधीच मागून घ्या: शाळेचा टायटल वन आराखडा, पालक सहभागाचं धोरण, आणि शाळा व पालकांमधला ‘कॉम्पॅक्ट’, म्हणजे कोणी काय करायचं याचा लेखी करार. हे तिन्ही पालकांना सोबत घेऊन तयार करणं कायद्यानं बंधनकारक आहे. आराखड्यात निधीतून कोणाचे पगार जातात ते शोधा आणि पेन्सिलीनं खूण करून ठेवा. हा पैसा राज्य आणि गावाच्या पैशांवर भर म्हणून असतो, त्यांच्या जागी वापरायचा नसतो. शाळेला एरवीही मिळणारच असलेली गोष्ट यातून भागवलेली वाटली, तर शांतपणे विचारा.

डिस्ट्रिक्टला 5 लाख डॉलरहून जास्त निधी मिळत असेल, तर त्यातला निदान 1 टक्का पालकांच्या सहभागासाठी बाजूला ठेवावा लागतो, आणि त्यातला 90 टक्के शाळांपर्यंत पोचवावा लागतो. ‘आपल्या शाळेच्या वाट्याला यातलं किती आलं आणि ते कशावर गेलं?’ हा प्रश्न मीटिंगमध्ये फार थोडे लोक विचारतात. तुम्ही विचाराच. मुलाच्या वर्गशिक्षकांची पात्रता विचारण्याचाही हक्क आहे, आणि ज्या शिक्षकाकडे त्या वर्गासाठी किंवा विषयासाठी लागणारं प्रमाणपत्र नाही त्याच्याकडे मूल सलग चार आठवडे शिकलं, तर शाळेनं स्वतःहून कळवायचं असतं.

मीटिंगची वेळ कामाच्या आड येत असेल तर आधीच सांगा. शाळेनं सकाळ-संध्याकाळ अशा वेगवेगळ्या वेळा ठेवायच्या असतात, आणि येण्या-जाण्याचा खर्च किंवा तेवढ्या वेळापुरता बाळ सांभाळण्याची सोय याच निधीतून करता येते. घरात इंग्रजीत बोलायला अडखळणारं कोणी असेल तर मराठी दुभाषा मागा, पण थोडे दिवस आधी. फोनवरच्या दुभाष्याची व्यवस्था करायला शाळेलाही वेळ लागतो.

हा निधी ज्या कायद्यातून येतो, तो राष्ट्राध्यक्ष लिंडन जॉन्सन यांनी 11 एप्रिल 1965 रोजी टेक्सासमधल्या आपल्या बालपणीच्या शाळेपाशी, आपल्या पहिल्या शिक्षिकेला शेजारी बसवून सही करून आणला. अलीकडे त्यातून वर्षाला 18 अब्ज डॉलरच्या वर शाळांना जातात. एवढ्या मोठ्या रकमेबद्दल विचारायला पाच-सहा पालकच हजर असावेत, हे मला पटत नाही. पुढच्या वर्षीचा आराखडा बहुधा वसंतात ठरतो, तेव्हा सूचना लेखी द्यायच्या त्या मार्चच्या आत. आराखडा पटला नाही तर तुमचं म्हणणं लेखी द्या; ते शाळेला आराखड्यासोबत डिस्ट्रिक्टकडे पाठवावंच लागतं.