बारक्या चणीच्या पोरातून मिडफिल्डर कसा घडवायचा: लुका मॉड्रिचच्या वाटेनं

क्रोएशियाचा मिडफिल्डर, म्हणजे मधल्या फळीतला खेळाडू, लुका मॉड्रिच. उंची १७२ सेंटिमीटर. बाराएक वर्षांचा असताना तो फारच किरकोळ दिसायचा. क्रोएशियाच्या किनाऱ्यावरचा मोठा क्लब हायदुक स्प्लिट. तिथं चाचणीला गेला आणि अंगानं बारीक म्हणून परत आला. २०१८ साली याच माणसानं कर्णधार म्हणून क्रोएशियाला विश्वचषकाच्या अंतिम सामन्यात नेलं, स्पर्धेतला सर्वोत्तम खेळाडू ठरला आणि त्याच वर्षी बॅलन डी'ओर हा वर्षातल्या सर्वोत्तम फुटबॉलपटूचा किताब जिंकला. त्याआधीची सलग दहा वर्षं तो मान मेस्सी आणि रोनाल्डो सोडून कुणाला मिळाला नव्हता.

मी कोल्हापुरात शाळकरी पोरांना फुटबॉल शिकवतो. इथं विश्वचषक आला की चौकाचौकात ब्राझील-अर्जेंटिनाचे झेंडे लागतात, पेठेपेठेतल्या तालमींच्या संघांसाठी शाहू स्टेडियम भरतं. फुटबॉलचं प्रेम शिकवावं लागत नाही. पण निवडीच्या दिवशी अजूनही पहिली नजर मांड्यांवर जाते आणि बारकं पोरगं बाकावर बसतं. हे सगळं त्या पोरांसाठी, त्यांच्या आईवडिलांसाठी आणि माझ्यासारख्या मास्तरांसाठी लिहितोय.

सुरुवात करताना गोष्ट खरी सांगा

पोरांना मॉड्रिच दाखवायचा तर त्याचं बालपण सांगावंच लागतं, आणि ते नीट सांगायला हवं.

जन्म ९ सप्टेंबर १९८५, झादर शहरात. कुटुंब व्हेलेबिट डोंगराच्या उतारावरच्या एका वाडीत राहायचं. वडील स्टिपे आणि आई रादोइका विणकामाच्या कारखान्यात कामाला. आजोबांचं नावही लुका, नातवाला तेच ठेवलेलं. क्रोएशियाच्या स्वातंत्र्ययुद्धात, १८ डिसेंबर १९९१ रोजी सर्ब बंडखोरांनी आजोबांना ठार मारलं. पोरगं तेव्हा सहा वर्षांचं होतं. घर जाळलं गेलं, वडील क्रोएशियाच्या सैन्यात गेले आणि कुटुंब निर्वासित होऊन झादरमधल्या हॉटेल कोलोवारेत आलं, पुढं हॉटेल इझमध्ये. अशी सातेक वर्षं हॉटेलच्या खोल्यांत गेली. शहरावर तोफगोळे पडत होते. पोरं हॉटेलच्या पार्किंगमध्ये बॉल खेळत होती.

इथपर्यंत सांगून बरेच जण म्हणतात, ‘बघा, संकटातूनच माणूस घडतो.’ कृपा करून हे पोरांना सांगू नका. त्या हॉटेलात कितीतरी पोरं होती, संकट सगळ्यांवरच होतं. लढाईनं त्याचे आजोबा नेले, घर नेलं. फुटबॉल दिला तो माणसांनी. हॉटेलात एक पोरगं दिवसभर बॉलच्या मागं असतं, हे एनके झादर क्लबच्या योसिप बाय्लो यांच्या कानावर आलं आणि त्यांनी त्याला क्लबमध्ये घेतलं. घरच्यांनी होते नव्हते ते पैसे त्याच्या खेळाच्या शिक्षणात घातले. तोमिस्लाव्ह बाशिच हे प्रशिक्षक त्याच्या पाठीशी उभे राहिले. मॉड्रिच त्यांना खेळातले वडील मानतो. हायदुकनं नाकारल्यावर पोरगं खचलं तेव्हा हीच माणसं होती. गोष्ट सांगताना बाय्लो आणि बाशिच ही नावं घ्या. मैदानावरच्या मोठ्या माणसांनी काय करायचं असतं, ते त्यातून कळतं.

आपल्याकडं हंगामात ऊसतोडीच्या टोळ्या येतात, खोपींतली पोरं मैदानाच्या कडेला उभी राहून बघतात. त्यांना आत बोलवा. चार महिन्यांनी जाणार म्हणून नाव घालायचं नाही, हे मला पटत नाही. बूट नसले तर सगळ्यांना त्या दिवशी अनवाणी खेळवा, मऊ मातीवर काही बिघडत नाही.

निवड करताना

नावापुढं जन्माचा महिना लिहा. आपल्या शालेय स्पर्धांत वयाची गणना १ जानेवारीपासून होते, म्हणजे जानेवारीत जन्मलेलं आणि नोव्हेंबरात जन्मलेलं पोरगं एकाच गटात येतं. तेराव्या वर्षी त्या दहा महिन्यांचा फरक प्रचंड असतो. त्यात काहींचं अंग लवकर भरतं, काहींचं सोळाव्या वर्षी. म्हणून आठवड्यातला एक सराव वयाप्रमाणे न घेता चणीप्रमाणे गट पाडून घ्या. थोराड पोरांना धक्क्यावर बॉल मिळेनासा झाला की पायाचं कसब दाखवावं लागतं आणि बारक्यांना पहिल्यांदाच बॉल पायात ठेवायला मिळतो. त्या दिवशी कोण काय करतं ते लिहून ठेवा. निवडीच्या दिवसापेक्षा या वहीवर माझा जास्त विश्वास आहे.

चाचणीत मी पळण्याची वेळ घेत नाही. बघतो एवढंच, की बॉल यायच्या आधी पोरगं काय करतं.

पार्किंगएवढी जागा

मोठं मैदान मिळत नाही म्हणून रडू नका. या वयात लहान जागाच जास्त शिकवते. दहा बाय दहा मीटरचा चौकोन आखा. चार जण कडेला, दोन जण आत बॉल काढायला. दोनच टच. ज्याचा पास चुकला तो आत. चार मिनिटं खेळ, एक मिनिट दम. पोरं सरावली की चौकोन आठ मीटरवर आणा.

शक्य असेल तर आठवड्यातून एकदा सिमेंटच्या किंवा डांबरी जागेवर खेळवा. तिथं बॉल थांबत नाही, पहिला टच नरम नसेल तर लगेच हातचा जातो. फुटसालचा (छोट्या जागेतल्या फुटबॉलचा) बॉल मिळाला तर उत्तम, नाहीतर साध्या बॉलमधली थोडी हवा कमी करा. पडून गुडघे फुटू नयेत म्हणून या जागेवर टॅकल (पाय घालून बॉल काढणं) बंद.

घरी भिंत. उजव्या पायानं पास, डाव्यानं घ्यायचा, मग उलट. मॉड्रिच उजव्या पायाचा, पण डाव्या पायावर बॉल आला म्हणून तो अडून बसलेला दिसणार नाही. भिंतीजवळ रोजची पंधरा मिनिटं रविवारच्या दोन तासांपेक्षा मोलाची आहेत.

मान वळवणं

सगळ्यात जास्त वेळ इथं द्या, कारण बारक्या पोराचं संरक्षण हेच आहे. मागून थोराड डिफेंडर येतोय हे आधीच कळलं तर धक्का बसायच्या आत बॉल निघून गेलेला असतो. मॉड्रिचचा कुठलाही पूर्ण सामना लावा आणि दहा मिनिटं बॉल सोडून फक्त त्याची मान बघा. सतत मागं, बाजूला, पुन्हा मागं.

सराव असा: पोरगं मध्ये, समोर दहा मीटरवर पास देणारा, पाठीमागं तुम्ही. तुमच्या हातात दोन रंगांची बिबं, म्हणजे सरावात शर्टावर घालायची बिनबाह्यांची जाकिटं. पास यायच्या आधी पोरानं मागं बघून तुमच्या हातातल्या बिबाचा रंग ओरडून सांगायचा आणि मग बॉल घ्यायचा. पहिल्या दिवशी पोरं बॉल पायाशी आल्यावर वळून बघतात. तेव्हा उशीर झालेला असतो. बघायच्या वेळा दोन: बॉल पास देणाऱ्याकडं चाललेला असताना एकदा, आणि त्याच्या पायातून सुटल्याबरोबर पुन्हा चटकन एकदा. दुसऱ्या नजरेच्या वेळी तुम्ही बीब बदला. पहिला रंग सांगणारा पकडला जातो.

हे जमलं की बिबाऐवजी खरा डिफेंडर उभा करा. तो कधी चिकटून येईल, कधी जागेवर थांबेल. चिकटला तर आल्या वाटेनं परत पास, थांबला तर वळून पुढं. निर्णय पोराचा, तुम्ही तोंड उघडायचं नाही. बाहेरून ‘वळ, वळ’ ओरडणाऱ्या मास्तराचं पोरगं कधीच मान वळवायला शिकत नाही, ते मास्तरच्या आवाजावर खेळतं.

बॉल घेताना अंग कुठं

पास देणाऱ्याकडं छाती सरळ करून उभं राहिलं की मागचं अर्धं मैदान दिसत नाही. अंग तिरपं हवं: एक खांदा पास देणाऱ्याकडं, दुसरा समोरच्या गोलकडं. आणि बॉल घ्यायचा तो लांबच्या पायानं. जवळच्या पायानं घेतला तर वळायला एक टच वाया जातो.

मग खांद्याची हूल. एका बाजूला खांदा टाकायचा, डिफेंडरचं वजन तिकडं गेलं की दुसऱ्या बाजूनं निघायचं. ही हूल वेगात करायची गरज नाही, वेळेवर करायची गरज आहे.

पायाच्या बाहेरच्या कडेचा पास

याच्यासाठी पोरं उतावीळ असतात, आणि ते मला समजतं. १२ एप्रिल २०२२ रोजी बर्नाबेऊवर, म्हणजे मॉड्रिचच्या तेव्हाच्या क्लबच्या, रेआल माद्रिदच्या मैदानावर, चॅम्पियन्स लीगच्या उपउपांत्य फेरीचा दुसरा सामना होता. त्यात चेल्सी तीन गोलांनी पुढं होती, पहिल्या सामन्यातले गोल धरून एका गोलानं. ऐंशीव्या मिनिटाला मॉड्रिचनं उजव्या पायाच्या बाहेरच्या कडेनं बचावफळीच्या डोक्यावरून बॉल वळवला आणि रॉद्रिगोनं तो थेट जाळ्यात मारला. सामना जादा वेळेत गेला, माद्रिद दोन सामन्यांत मिळून ५-४ असं पुढं सरकलं आणि त्या वर्षी करंडकही घेतला.

पोरांना विचारा, आतल्या कडेनं का नाही मारला? आतल्या कडेनं मारायला अंग फिरवून पाय मोकळा करावा लागतो, त्यात वेळ जातो आणि पास कुठं जाणार हे डिफेंडरला दिसतं. बाहेरच्या कडेला ती तयारी लागत नाही. म्हणून ही गरजेची विद्या आहे. आतल्या कडेचा वीस मीटरचा पास दोन्ही पायांनी नीट जात असेल, तरच पुढं शिकवा.

उजव्या पायासाठी: घोटा घट्ट, बोटं खाली आणि किंचित आत. बॉलच्या डाव्या अर्ध्यात मारायचं, करंगळीकडच्या हाडाच्या वरच्या भागानं. पाय बॉलमधून पुढं जाऊ द्यायचा. बॉल उजवीकडं वळत जातो. आधी थांबलेल्या बॉलवर दहा मीटर, मग हळू सरकत्या बॉलवर. घोटा सैल सोडणाऱ्या पोराला दुखतं, त्याला लगेच थांबवा.

अंगात बळ

२०१८ च्या विश्वचषकात क्रोएशियाचे डेन्मार्क, रशिया आणि इंग्लंडविरुद्धचे सलग तीन बाद सामने जादा वेळेत गेले. तीनदा तीस मिनिटं, म्हणजे एक अख्खा सामना जास्त. मॉड्रिच तेव्हा ३२ वर्षांचा होता. पुढं २०२२ साली कतारमध्येही त्यानं संघाला तिसऱ्या स्थानावर नेलं. तेव्हा बारक्या माणसात दम नसतो, हे म्हणणं सोडून द्या.

पण पोरांना मैदानाच्या फेऱ्या मारायला लावून हा दम येत नाही. तीन विरुद्ध तीनचे छोटे सामने भरपूर खेळवा, पळणं त्यातच होतं. जोर, बैठका, प्लँक, एका पायावर तोल एवढं पुरे. आपल्या तालमींतही कसरत अंगाच्या वजनावरच सुरू व्हायची. धक्क्यात टिकायचं ते असं: डिफेंडर भिडायच्या आधीच कंबर त्याच्या वाटेत घालायची, गुडघे वाकवायचे, हात पसरून त्याला जाणवत ठेवायचं. आधी जागा घेणारा हलका असला तरी हलत नाही. आणि जेवण बघा. सरावाला उपाशी येणारं पोरगं कुठलं तंत्र शिकणार? माझ्याकडं शेंगदाणे, गूळ आणि केळी असतात.

मोठ्यांत कधी सोडायचं

दिनामो झाग्रेब या क्रोएशियातल्या क्लबनं मॉड्रिचला अठराव्या वर्षी बोस्नियातल्या झ्रिन्स्की मोस्तारकडं उसनवारीवर पाठवलं. दणकट, धसमुसळी लीग. तिथं तो त्या हंगामातला लीगचा सर्वोत्तम खेळाडू ठरला. मग इंटर झाप्रेशिच, मग दिनामोचा मुख्य संघ आणि १ मार्च २००६ रोजी बासेलमध्ये अर्जेंटिनाविरुद्ध राष्ट्रीय संघात पदार्पण. तो सामना क्रोएशियानं ३-२ जिंकला. पायऱ्या बघा: अठराव्या वर्षी मोठी माणसं, चौदाव्या वर्षी नव्हे. आपल्याकडं पेठेच्या सीनियर सामन्यात पोराला उतरवायची घाई होते. सोळानंतर सराव सामन्यांत वीस मिनिटांपासून सुरुवात करा, आणि शेजारी त्याला सांभाळून घेणारा जुना खेळाडू ठेवा.

पेनल्टी हुकली तर

डेन्मार्कविरुद्ध ११६ व्या मिनिटाला मॉड्रिचची पेनल्टी श्मायकेलनं अडवली. थोड्याच वेळात शूटआउट लागलं आणि तो पुन्हा त्याच गोलकीपरसमोर उभा राहिला, गोल केला. २०२४ च्या युरो स्पर्धेत इटलीविरुद्ध दोनारुम्मानं त्याची पेनल्टी अडवली आणि मिनिटभरात त्यानं गोल मारला.

सरावाचा नियम करा: ज्याची पेनल्टी हुकली त्यानं दोन जणांनंतर पुन्हा मारायची. मध्ये कुणी त्याला सल्ला द्यायचा नाही, हसायचं तर नाहीच. पालकांनाही हे आधी सांगून ठेवा.

कागद

२००५ साली दिनामोशी लांब मुदतीचा करार झाल्यावर मॉड्रिचनं त्या पैशांतून झादरमध्ये घरच्यांसाठी फ्लॅट घेतला. पुढं त्याच क्लबनं खेळाडू दुसऱ्या क्लबला देताना मिळालेल्या पैशांवरून क्लबच्या चालकांवर खटला झाला, २०१७ मध्ये त्याला साक्ष द्यावी लागली आणि खोट्या साक्षीचा आरोपही झाला. २०१८ मध्ये तो आरोप टिकला नाही. एवढ्या मोठ्या खेळाडूलाही पोरवयातल्या कागदांनी गाठलं.

तुमच्या पोराला अकादमी किंवा क्लबनं बोलावलं तर सही त्याच दिवशी करू नका. कागद घरी आणा, मुदत किती, सोडायचं झालं तर काय, शाळा कोण बघणार, दुखापतीचा खर्च कुणाचा, एवढं शोधा. सापडलं नाही तर लेखी विचारा. ओळखीच्या वकिलाला दाखवा. जन्मदाखला, आधार आणि शाळेचा बोनाफाईड यांच्या मूळ प्रती कुणाकडेही ठेवायला देऊ नका, झेरॉक्स द्या. आणि बोलणी चालू असताना पोराचा रोजचा सराव बंद पडू देऊ नका.