कोकणातलं मे महिन्यातलं लग्न आणि नवरदेवाचे मित्र: कपड्यांच्या या चुका टाळा

गुहागरला चुलतभावाच्या लग्नात आम्ही सात जण नेव्ही ब्लू कुर्ता आणि सोनेरी जाकीट घालून उभे होतो. मंगलाष्टकं संपायच्या आत सातही जाकिटं मांडवाच्या खांबांना लटकली आणि सात पाठींवर मिठाच्या पांढऱ्या कडांचे सात नकाशे उमटले. कपडे निवडले होते जानेवारीत, मुंबईतल्या एसी दुकानात. घोडं तिथंच पेंड खाल्लं.

किनाऱ्यावर मे महिन्यात पारा बहुतेक ३३-३४ अंशांवरच असतो. विदर्भातले पाहुणे हसतात, "एवढंच?" म्हणतात. पण त्यांच्याकडे घाम वाळतो, आपल्याकडे हवा दमट असल्यामुळे तो अंगावरच राहतो. त्यात इकडे नवरदेवाचे भाऊ-मित्र नुसते मिरवत नाहीत. खुर्च्या लावा, गुरुजींना काय हवं-नको बघा, वाढपी कमी पडले की मसालेभाताचं पातेलं उचला. कपडा या कामाला पुरला पाहिजे.

पहिली आणि सगळ्यात महाग चूक म्हणजे 'सिल्क' या शब्दावर विश्वास ठेवणं. सात-आठशे रुपयांत मिळणारा चकचकीत 'सिल्क' कुर्ता बहुधा पॉलिस्टरच असतो. शंका आली तर शिवणीच्या आतले दोन-चार धागे काढून जाळून बघा. सुती धागा कागदासारखा जळतो, वास कागदाचा येतो आणि राख बोटानं चुरली जाते. पॉलिस्टर वितळून त्याची टणक गोळी होते. अस्सल रेशमाला जळक्या केसांचा वास येतो, पण दुपारच्या मुहूर्ताला तेही नकोच. मलमल, हलकी खादी, लिनन यांतलं काहीही चालेल. लिनन चुरगळतं, ते चुरगळणारच; त्यावरून भांडत बसू नका.

जाकीट हवंच असेल तर ते उलटं करून अस्तर बघा. वरून लिनन आणि आतून पॉलिस्टरचं अस्तर असेल तर लिननचे पैसे पाण्यात. शिंप्याला सांगून मलमलीचं अस्तर लावून घ्या किंवा फक्त पाठीच्या वरच्या भागाला लावा. आमचं मत विचाराल तर जाकीट सोडा आणि खांद्यावर उपरणं घ्या. घाम पुसायलाही तेच.

रंगात फसवणारे दोन: करडा आणि फिका निळा. ओला झाला की डाग लांबून दिसतो. पांढरा, मोतिया किंवा बारीक छापाचा कपडा घाम लपवतो. मात्र नवरदेव मोतिया घालणार असेल तर तुम्ही सगळे आंबा किंवा शेवाळी रंगाकडे वळा, नाहीतर फोटोत नवरा शोधावा लागतो. कापड सगळ्यांचं एकाच ताग्यातून कापून घ्या. 'तोच रंग' म्हणून महिन्यानं आणलेलं कापड शेजारी उभं केलं की वेगळं दिसतं. आणि पांढऱ्या कुर्त्याच्या आत पांढरं बनियन घालू नका, ते आरपार दिसतं. त्वचेच्या रंगाच्या जवळ जाणारं घाला.

मापांचा घोळ आमच्याकडे असा झाला: तिघांनी छातीचं माप पाठवलं, चौघांनी घरातल्या कुर्त्याचं. शिंप्यानं सगळी मापं तयार कुर्त्याचीच धरली. ४० इंच छातीच्या भावाला ४० इंचाचा कुर्ता आला आणि पहिल्याच पंगतीत काखेत उसवला. अंगाचं माप देत असाल तर तसं लिहून द्या. कुर्त्याला छातीवर चार-पाच इंच सैल लागतं. ट्रायलला उभं राहून आरशात बघणं पुरेसं नाही. मांडी घालून बसा, हात पुढे करून वाढल्यासारखं वाका. खिसा आहे ना, तेही तेव्हाच तपासा. सुती कापड शिवण्याआधी रात्रभर पाण्यात भिजत घालून वाळवा, नाहीतर पहिल्या धुण्यात आटतं. गावच्या शिंप्याकडे द्यायचं असेल तर शिमग्याच्या आत द्या.

नव्या कोल्हापुरी चपला पुळणीवर घालू नका. चावतात, आणि लाटेचं पाणी लागलं की चामडं फुगतं. भिजल्याच तर सावलीत वाळवा, उन्हात कडक होतात. फेटा फोटोपुरता ठीक, गांधी टोपी दिवसभर टिकते.

पावसाचं विसरू नका. २०२५ साली मान्सून २५ मेलाच देवगडपर्यंत पोचला होता. महिनाअखेरचा मुहूर्त असेल तर गडद कुर्त्याच्या आतल्या शिवणीवर ओला पांढरा रुमाल घासा. रुमालाला रंग लागला तर तो कुर्ता भर मांडवात रंग सोडेल.

एवढं करूनही ऐनवेळी काहीतरी होतंच. एका पिशवीत सुई-दोरा, सेफ्टी पिना, जादा बटणं, पावडर आणि दोन कोरडी बनियनं ठेवा आणि ती पिशवी लग्नात न नाचणाऱ्या माणसाकडे द्या. हळदीचा डाग पडला तर साबण लावायची घाई करू नका. साबण लागताच पिवळा डाग लाल होतो आणि घरातले घाबरून तो आणखी घासतात. आधी नुसत्या पाण्यानं धुवा. मग घरी धुवून डागाची बाजू वर करून उन्हात टाका. हळदीचा रंग उन्हात उडतो. कोकमाच्या डागाचा मात्र तसा भरवसा नाही, म्हणून सोलकढी वाढायचं काम मोतिया कुर्तेवाल्याला देऊ नका.