कौटुंबिक वादात कोर्टाच्या आदेशाने पोलीस संरक्षण कसे मिळवावे

घरचे भांडण कोर्टात गेल्यावर नवरा किंवा सासरचे लोक माहेरच्या दारात येऊन तमाशा करतात, ऑफिसबाहेर गाठतात. अशा वेळी २००५ चा कौटुंबिक हिंसाचार कायदा कामी येतो. आधी घटस्फोटाचा अर्ज करावा लागतो, हा समज चुकीचा आहे. तुम्ही तात्पुरत्या जिथे राहता, उदाहरणार्थ माहेरी, तिथल्याही न्यायदंडाधिकाऱ्यांकडे कलम १२ खाली अर्ज करता येतो. तालुका विधी सेवा समितीकडून किंवा जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून वकील मोफत मिळतो. महिलांसाठी उत्पन्नाची अट नाही.

आधी संरक्षण अधिकाऱ्यांकडे (या कायद्याखाली शासनाने नेमलेले अधिकारी) जा आणि नमुना १ मध्ये घटनेचा अहवाल लिहून घ्या. 'सतत त्रास देतात' एवढ्याने काही सिद्ध होत नाही. तारीख, वेळ, जागा, नेमके शब्द आणि पाहणारे कोण, हे सगळे लिहा: 'मंगळवारी रात्री साडेनऊला दोघे आले, दाराला लाथा मारल्या, समोरच्या काकूंनी पाहिले.' धमकीचे मेसेज पुसू नका आणि तो फोन विकू नका. नुसत्या स्क्रीनशॉटवर पुढे हरकत येते, सोबत इलेक्ट्रॉनिक पुराव्याचे प्रमाणपत्र लागते.

खरी गोम अर्जातल्या मागणीत आहे. 'संरक्षण मिळावे' असे मोघम मागितले की आदेशही मोघम येतो, आणि मग ठाण्यातून उत्तर मिळते, 'यात आमचं नाव कुठंय?' म्हणून कलम १८ (संरक्षण आदेश) सोबत कलम १९ ची पोटकलमे ५ आणि ७ (पोलिसांची मदत) यांचा उल्लेख करून असे मागा ('सामनेवाले' म्हणजे ज्यांच्याविरुद्ध अर्ज आहे ते): 'सामनेवाले यांनी अर्जदाराच्या राहत्या घरी, कामाच्या ठिकाणी व मुलाच्या शाळेत जाऊ नये, फोनवर वा तिऱ्हाइताकरवी संपर्क करू नये, आणि अमुक पोलीस ठाण्याच्या प्रभारी अधिकाऱ्यांनी अर्जदारास संरक्षण देऊन आदेशाच्या अंमलबजावणीस मदत करावी.' तिन्ही पत्ते पूर्ण द्या. त्रास देणाऱ्या सासू-नणंदांनाही सामनेवाले करता येते. सर्वोच्च न्यायालयाने २०१६ मध्ये ती वाट मोकळी केली.

धोका आजचा असेल तर त्याच दिवशी कलम २३ चा, म्हणजे अंतरिम (निकालापर्यंतच्या तात्पुरत्या) आदेशाचा अर्ज आणि नमुना ३ मधले शपथपत्र जोडा. त्यावर समोरच्याला न ऐकता अंतरिम आदेश होऊ शकतो. पहिली तारीख साधारण तीन दिवसांत आणि निकाल ६० दिवसांत, असे कायदा म्हणतो. प्रत्यक्षात निकाल लांबतो, म्हणून अंतरिम अर्ज अजिबात टाळू नका.

आदेश झाला की प्रत मोफत मिळते आणि कोर्टाने ती ठाण्यालाही पाठवायची असते. ती पोहोचेल या भरवशावर राहू नका. स्वतः एक प्रत ठाण्यात द्या आणि आपल्या प्रतीवर आवक शिक्का, तारीख, सही घ्या. बीट अंमलदाराचा (तुमचा भाग ज्यांच्याकडे आहे त्या पोलिसांचा) नंबर मागा.

आदेश मोडला तर ११२ वर फोन करून 'कोर्टाचा संरक्षण आदेश आहे' हे पहिल्याच वाक्यात सांगा. ठाण्यात 'एनसी (अदखलपात्र गुन्ह्याची नोंद) घेतो' म्हणाले तर थांबवा. संरक्षण आदेशाचा भंग हा कलम ३१ खालचा दखलपात्र, अजामीनपात्र गुन्हा आहे: एक वर्षापर्यंत कैद, २०,००० रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही. एफआयआर नाकारला तर तक्रार लेखी करून पोलीस अधीक्षकांना टपालाने पाठवा आणि पावती जपा. संरक्षण अधिकाऱ्यांनाही भंगाची लेखी खबर द्या.

तुम्ही स्वतः अर्ज करून रद्द करून घेईपर्यंत संरक्षण आदेश चालू राहतो. त्याची एक प्रत पर्समध्ये आणि एक शाळेच्या मुख्याध्यापकांकडे ठेवा.