एमसीबी पडतो म्हणून मोठा टाकू नका : वायरिंगचे नियम वायरच्या बाजूने कसे वाचायचे

"ताई, एमसीबी सारखा पडतोय. मोठा टाकून देऊ का?"

माझ्याकडे शिकायला येणारं प्रत्येक पोर पहिल्या वर्षात हे एकदा तरी विचारतं. एमसीबी म्हणजे प्रवाह मर्यादेबाहेर गेला की सर्किट आपोआप तोडणारा स्विच, आणि तो तोडतो तेव्हा आपण 'पडला' म्हणतो. मी आधी हाताने वायरिंग केलं आणि आता तपासणीचं काम करते. या प्रश्नाचं उत्तर ज्याला कारणासकट समजलं, त्याला वायरिंगचे निम्मे नियम समजले असं मी मानते. म्हणून सुरुवात इथूनच करू.

एका ठिकाणी पाणी तापवायच्या हीटरच्या सर्किटवर 16 अँपिअरचा एमसीबी होता आणि त्याच्यामागे अडीच चौरस मिलिमीटरची तांब्याची वायर. हीटर 3000 वॉटचा, म्हणजे 230 व्होल्टला 13 अँपिअर. पुढे त्याच लाइनवर 2000 वॉटचा खोली गरम करायचा हीटर लागला. आणखी 8.7 मिळून झाले 21.7. एमसीबी पडू लागला, म्हणजे नेमून दिलेलं काम करू लागला. कोणीतरी तो काढून 32 चा बसवला. पडणं थांबलं, तक्रार मिटली.

काही महिन्यांनी मी तो बोर्ड उघडला. फेजची, म्हणजे वीज आणणारी, लाल वायर टर्मिनलपासून वीतभर तपकिरी पडली होती. बोटाने जरा वाकवली तर इन्सुलेशन वाळक्या सालीसारखं तडकलं आणि आत काळवंडलेलं तांबं दिसलं. पाइपातून तीन सर्किटं एकत्र गेली होती, म्हणजे ही वायर शेजारच्या वायरींनाही भाजत होती. एमसीबी मात्र नव्यासारखा, जागेवर शांत.

एमसीबी वायरसाठी असतो. पुढच्या यंत्राशी त्याला फारसं कर्तव्य नसतं. हे एकदा पक्कं केलंत की नियमांचं पुस्तक वाचताना प्रत्येक कलमाला एकच प्रश्न विचारायचा : यातून वायर कशी वाचते?

पुस्तक कुठलं आणि ते कसं वाचायचं

जगात नियमांची दोन मोठी घराणी आहेत. एक आयईसी या आंतरराष्ट्रीय संस्थेच्या 60364 या प्रमाणाचं. भारताचं आयएस 732 आणि ब्रिटनचं बीएस 7671 पुष्कळसं याच वळणाने जातं. दुसरं अमेरिकेचं नॅशनल इलेक्ट्रिकल कोड. ते 1897 मध्ये पहिल्यांदा आलं आणि आता दर तीन वर्षांनी त्याची नवी आवृत्ती निघते. दोन्हींची सरमिसळ करू नका. अमेरिकन गेजमध्ये आकडा लहान तितकी वायर जाड : 14 गेजला 15 अँपिअर, 12 गेजला 20, 10 गेजला 30. आपण चौरस मिलिमीटरमध्ये बोलतो, तिथे आकडा मोठा तितकी वायर जाड. इंटरनेटवरचा तक्ता उचलताना तो कुठल्या घराण्याचा आहे हे आधी बघा.

रंगांतही हाच धोका आहे आणि तो जिवावरचा आहे. आयईसीच्या पद्धतीत निळी वायर न्यूट्रल, म्हणजे प्रवाह परत नेणारी. लाल-पिवळा-निळा ही जुनी पद्धत जिथे चालते तिथे निळी म्हणजे तिसरा फेज आणि न्यूट्रल काळी. ब्रिटनने 2004 मध्ये रंग बदलले, त्यामुळे तिथल्या एकाच इमारतीत दोन्ही पद्धती सापडू शकतात. रंग हा आधीच्या वायरमनने दिलेला शब्द आहे. तो वाचा, पण हात लावण्याआधी मीटरने खात्री करा.

वाचताना आधी व्याख्यांचं प्रकरण वाचा. न्यूट्रल, अर्थ, बाँडिंग हे शब्द आपण कामावर सैल वापरतो, पुस्तक तसे वापरत नाही. इंग्रजी मजकुरात 'शॅल' आलं की ते बंधनकारक आणि 'शुड' आलं की ती शिफारस. आणि तक्ता बघितला की त्याच्या खालच्या बारीक टिपा सोडू नका. बहुतेक चुका त्या टिपा न वाचल्यामुळे होतात, हे पुढच्या हिशेबात दिसेलच.

अडीचची वायर खरंच किती नेते

विजेचा प्रवाह वाहिला की वायर तापते आणि ती उष्णता प्रवाहाच्या वर्गाने वाढते. प्रवाह दुप्पट, तर उष्णता चौपट. साध्या पीव्हीसी इन्सुलेशनची सततची मर्यादा 70 अंश सेल्सिअस, एक्सएलपीई या जास्त उष्णता सोसणाऱ्या इन्सुलेशनची 90. 'ही वायर अमुक अँपिअर नेते' याचा अर्थ एवढाच, की तेवढ्या प्रवाहाला ती या तापमानापर्यंत पोचते आणि तिथे थांबते. तांबं त्याहून कितीतरी जास्त सोसतं. आधी हार मानतं ते त्याच्यावरचं कातडं.

आयईसीच्या तक्त्यात भिंतीवरच्या पाइपातल्या पीव्हीसी तांब्याच्या वायरीला, एक फेज, हे आकडे आहेत : दीडला 17.5 अँपिअर, अडीचला 24, चारला 32, सहाला 41. पोरं इथेच वही मिटतात. "अडीचला 24 आहे ना, मग 20 चा एमसीबी चालेल." पण खाली टीप असते : हे आकडे भोवतालच्या 30 अंशांना, आणि पाइपात एकच सर्किट असेल तर.

आता आपला हीटर घ्या. छताजवळून जाणारा पाइप, भोवतालचं तापमान 40 अंश धरू. त्यासाठी तक्त्यातला आकडा कमी करणारा गुणक 0.87. पाइपात तीन सर्किटं, त्याचा गुणक 0.70.

24 × 0.87 × 0.70 = 14.6 अँपिअर.

म्हणजे तिथे मुळातला 16 चा एमसीबीसुद्धा त्या वायरीला मोठा होता! मग 21.7 अँपिअर वाहिल्यावर काय होईल? मर्यादेच्या जवळपास दीडपट प्रवाह, म्हणजे उष्णता सव्वादोनपट. 14.6 ला वायर 40 वरून 70 वर जात होती, 30 अंशांची चढ. सगळी सर्किटं भरात असतील तर ती चढ 65 अंशांकडे जाते आणि वायर शंभरी ओलांडते. बोर्डात पाहिलेली तपकिरी वीतभर वायर म्हणजे हाच गुणाकार.

नियम तीन आकड्यांत मावतो. यंत्राला लागणारा प्रवाह सगळ्यात लहान, एमसीबीचा आकडा त्याच्याएवढा किंवा मोठा, आणि वायरची गुणक लावून उरलेली क्षमता एमसीबीएवढी किंवा त्याहून मोठी. हा क्रम मोडायचा नाही. हिशेबही याच क्रमाने करा : आधी लोड, मग एमसीबी, शेवटी वायर. घरात पडलेलं बंडल बघून उलटा हिशेब जुळवू नका. वरच्या उदाहरणात 13 अँपिअरचा हीटर, त्याला 16 चा एमसीबी, आणि वायर चारची : 32 × 0.87 × 0.70 = 19.5. बसलं. खोलीच्या हीटरला वेगळी लाइन, शक्य असेल तर वेगळ्या पाइपातून.

एमसीबीबद्दल एक गोष्ट मला स्वतःला उशिरा कळली, ती तुम्हाला लवकर कळावी. एमसीबी आपल्या आकड्यावर लगेच पडत नाही. एमसीबीच्या ठरलेल्या मानकाप्रमाणे 1.13 पट प्रवाहावर तो तासभर पडायचा नाही आणि 1.45 पटीवर तासाभराच्या आत पडलाच पाहिजे. 32 च्या एमसीबीतून 36 अँपिअर तासभर बिनबोभाट जाऊ शकतात आणि 46 अँपिअर तासाच्या जवळपास. अडीचच्या वायरीने तेवढा वेळ काय करायचं? बी, सी, डी ही अक्षरं झटकन पडण्याबद्दल आहेत : बी आकड्याच्या 3 ते 5 पटींत, सी 5 ते 10, डी 10 ते 20. मोटर सुरू होताना बी पडत असेल तर सी घ्या, आकडा वाढवू नका. मात्र सी घेतल्यावर अर्थिंग पुन्हा तपासायचं. का ते पुढे सांगते.

लांब पल्ल्याच्या वायरीला व्होल्टेजही तपासा. अडीचच्या तांब्याचा रोध किलोमीटरला 7.41 ओहम. 30 मीटरवर यंत्र असेल तर जाऊन-येऊन 60 मीटर, 13 अँपिअरला 5.8 व्होल्ट घट, वायर तापल्यावर सातच्या घरात. आयईसीची शिफारस दिव्यांसाठी 3 टक्के आणि इतरांसाठी 5 टक्के अशी आहे, म्हणजे इथे ठीक. इथेच दीडची वायर असती तर घट 5 टक्क्यांना भिडली असती.

जो दोष कुठलाही एमसीबी पकडत नाही

सैल जोड. याच्यावर मी पोरांचा अर्धा दिवस घेते, आणि कमीच घेते असं वाटतं.

समजा, सॉकेटच्या टर्मिनलचा स्क्रू नीट आवळला नाही आणि तिथे अर्धा ओहम रोध तयार झाला. 13 अँपिअर त्यातून गेले की 13 × 13 × 0.5, म्हणजे 84 वॉट उष्णता एका स्क्रूच्या टोकावर. इलेक्ट्रॉनिक्सच्या कामाचा सोल्डरिंग आयर्न 25 ते 60 वॉटचा असतो. तो प्लास्टिकच्या सॉकेटात तासन्‌तास चालू ठेवल्यासारखं हे आहे. एमसीबीला त्याचा पत्ताच लागत नाही, कारण प्रवाह वाढलेलाच नसतो, किंचित कमीच झालेला असतो. गळती पकडून सर्किट तोडणाऱ्या आरसीसीबीलाही लागत नाही, कारण गळती नाही.

म्हणून टर्मिनल जवळून बघा. वायर सोलताना चाकूने तांब्याच्या तारा कापल्या गेल्या का? जाड वायर छोट्या भोकात जावी म्हणून चार-पाच तारा छाटल्या आहेत का? मी हे अनेकदा पाहिलं आहे. अडीचची वायर शेवटच्या एका सेंटिमीटरला दीडची झालेली असते आणि आगीला तेवढा सेंटिमीटर पुरतो. बारीक तारांच्या वायरीच्या टोकाला फेरूल किंवा लग (धातूची टोपी) दाबून बसवा. इन्सुलेशन स्क्रूखाली दाबलं गेलेलं नको आणि टर्मिनलबाहेर उघडं तांबंही नको. आवळल्यावर वायर धरून ओढून बघा. सुटली तर आत्ता सुटू दे. पीळ मारून, टेप गुंडाळून पाइपात ढकललेला जोड चालत नाही. प्रत्येक जोड उघडून बघता येईल अशा डबीत हवा.

अॅल्युमिनिअमला आणखी जपा. त्याच्यावर ऑक्साइडचा न वाहणारा थर धरतो आणि दाबाखाली तो धातू हळूहळू सरकतो, म्हणजे आवळलेला स्क्रू आपोआप सैल होतो. अमेरिकेत 1965 ते 1973 च्या सुमारास अनेक घरांत अॅल्युमिनिअमचं वायरिंग झालं आणि जोडांच्या आगींमुळे ते बदनाम झालं. तांबं आणि अॅल्युमिनिअम थेट एकत्र पिळू नका, दोन्हींसाठी बनवलेला कनेक्टरच वापरा.

अर्थिंग : जमिनीत रॉड आहे, एवढ्याने भागत नाही

"अर्थिंग चांगलं आहे, रॉड ठोकलाय" असं मला अभिमानाने सांगतात. हिशेब करू. रॉडचा रोध 10 ओहम धरला आणि हीटरच्या पत्र्याला फेज लागला, तर 230 भागिले 10, म्हणजे 23 अँपिअर. 16 चा एमसीबी 23 अँपिअरला कित्येक मिनिटं घेऊ शकतो, आणि तोवर पत्रा जिवंत.

एमसीबी झटकन पडायला बी प्रकाराच्या 16 ला 80 अँपिअर लागतात, म्हणजे फेजपासून अर्थमार्गे परत ट्रान्सफॉर्मरपर्यंतच्या सगळ्या वळशाचा रोध 2.87 ओहमच्या आत हवा. सी प्रकाराला 160 अँपिअर आणि 1.44 ओहम. एमसीबीचं अक्षर बदललं की अर्थिंग पुन्हा तपासा, हे मघाशी म्हटलं ते यासाठी. हा वळसा अर्थच्या वायरीने सप्लायच्या अर्थपर्यंत सलग जायला हवा. फेज 16 चौरस मिलिमीटरपर्यंत असेल तर अर्थची वायर त्याच जाडीची घ्यायची, आणि तिच्या वाटेत कधीही स्विच किंवा फ्यूज घालायचा नाही.

जिथे रॉडवरच भिस्त आहे तिथे आरसीसीबीशिवाय गत्यंतर नाही. माणसांच्या रक्षणासाठी 30 मिलिअँपिअरचा. तो फेजमधून गेलेला आणि न्यूट्रलमधून आलेला प्रवाह तोलतो, फरक पडला की तोडतो. त्याला दोन गोष्टी जमत नाहीत : ओव्हरलोड पकडणं, आणि कोणी एका हाताने फेज व दुसऱ्याने न्यूट्रल धरला तर ते ओळखणं.

आरसीसीबी उगीच पडतो म्हणून काढून टाकलेला मी पाहिला आहे. शोधलं तर दोन सर्किटांचे न्यूट्रल एका बोर्डात एकत्र बांधलेले निघाले. एकीकडून गेलेला प्रवाह दुसरीकडून परतत होता. दोन न्यूट्रल सोडवले आणि पडणं थांबलं.

चालू करण्याआधी

सप्लाय बंद करून कुलूप लावा. मीटर आधी चालू लाइनवर तपासा, मग बंद सर्किटवर, मग परत चालू लाइनवर. निऑनच्या टेस्टरवर जीव टाकू नका. नंतर या क्रमाने : अर्थची सलगता, मग 500 व्होल्टच्या मेगरने (इन्सुलेशनचा रोध मोजणाऱ्या मीटरने) इन्सुलेशन (किमान 1 मेगाओहम, पण नव्या कामात याच्या जवळपास आकडा आला तर दोष शोधा), मग स्विच फेजमध्येच आहे ना, हे. मेगर लावण्याआधी इलेक्ट्रॉनिक वस्तू काढून ठेवा. सप्लाय दिल्यावर वळशाचा रोध आणि आरसीसीबी पडायला लागणारा वेळ मोजा : 30 मिलिअँपिअरला 300 मिलिसेकंदांच्या आत. हे काम परवानाधारकाने करायचं आहे. परवाना तुमचा नसेल तर हे आकडे त्याच्याकडून लिहून मागा. तो तुमचा हक्क आहे.

शेवटी डीबीच्या, म्हणजे एमसीबी बसवलेल्या मुख्य बोर्डाच्या, दाराच्या आतल्या बाजूला कागद चिकटवा. प्रत्येक एमसीबीसमोर तीन गोष्टी : कुठलं सर्किट, मागे कितीची वायर, आणि त्या वायरीला जास्तीत जास्त कितीचा एमसीबी. पुढे कोणी 32 चा हातात घेऊन तिथे उभा राहिला, की त्याच्या डोळ्यांसमोर पहिलं हेच यायला हवं : "हीटर, 4 चौ. मिमी, 16 अँपिअर."