संवेदनाच्या प्रात्यक्षिकात आकडे बिघडतात कुठे? या चुका टाळा

मार्च महिना, लाइट गेलेली. बी.ए. मानसशास्त्राच्या दोन मुली माझ्यासमोर द्विबिंदू कसोटी करत होत्या. एकीच्या डोळ्यांवर ओढणी बांधलेली, हात टेबलावर पालथा. दुसरीच्या हातात कर्कटक.

“आता काय लागूलालंय?”
“दोन.”
“आता?”
“दोन.”

कर्कटकाच्या टोकांमधलं अंतर चार सेंटिमीटरवरून अर्ध्या सेंटिमीटरवर आलं तरी उत्तर “दोन”च. मनगट आणि कोपर यांच्यामधल्या कातडीला दोन टोकं वेगळी कळायला साधारण तीन ते चार सेंटिमीटर अंतर लागतं. बोटाच्या पेराला दोन-तीन मिलिमीटर पुरतात. या मुलीचा हात म्हणजे जणू बोटाचं टोकच झाला होता! ती खोटं बोलत नव्हती. पण पूर्ण प्रयोगात एकदाही एकच टोक लावलं गेलं नव्हतं, आणि कर्कटकाला टोकं दोन असतात हे तिला बसायच्या आधीपासून माहीत होतं.

मराठवाड्यातल्या तालुक्याच्या कॉलेजांत मी बरीच वर्षं ही प्रात्यक्षिकं घेतो आहे. उपकरणं जुनी असतात, खोली तापलेली असते, पण जर्नलातला आकडा त्यामुळे क्वचितच बिघडतो. तो बिघडतो एका गैरसमजामुळे. आपण कातडी, कान, डोळा मोजतो आहोत असं मुलांना वाटतं. हाती मात्र येतं ते माणसाचं उत्तर. त्या उत्तरात वेदन असतं, तसाच अंदाज असतो, सवय असते, समोरच्या मैत्रिणीला नाराज न करण्याची भीडही असते. वेदन (इंद्रियाला नुसतं जाणवणं) आणि संवेदन (त्याचा मनाने लावलेला अर्थ) यांतला फरक पेपरात पाच मार्कांना सगळे लिहितात, टेबलाशी बसले की विसरतात.

“सगळीकडे दोनच लागतात”

उपाय सोपा आहे. दर तीन फेऱ्यांमागे साधारण एक फेरी एकाच टोकाची ठेवा, पण ती कधी येणार याचा पत्ता लागू देऊ नका. क्रम आधी चिठ्ठ्या टाकून ठरवा आणि तक्त्यावर लिहून ठेवा. ऐन वेळी मनाने ठरवलेला क्रम आपल्याही नकळत ठरावीक चालीवर जातो.

दुसरी चूक हाताची. कर्कटक तिरका धरला की एक टोक आधी टेकतं, दुसरं मागून. मग प्रयोज्याला (ज्याच्यावर प्रयोग चालू आहे त्याला) अंतर कळो न कळो, दोन वेळा टोचल्याचं कळतं, आणि तेवढ्यावर तो “दोन” म्हणतो. दोन्ही टोकं एकदम आणि सारख्याच दाबाने टेकवा, ओढू नका. जर्मन शास्त्रज्ञ अर्न्स्ट वेबर यांनी एकोणिसाव्या शतकात लाइपझिगमध्ये हीच कसोटी अंगभर करून पाहिली होती, तीही कंपासच्या टोकांनीच. तेव्हा उपकरण साधं आहे ही सबब चालत नाही. (ब्रेलमधल्या ठिपक्यांमधलं अंतर सुमारे अडीच मिलिमीटर असतं. ते बोटाने वाचता येतं, दंडाने येणार नाही. व्हायवात हा प्रश्न हमखास येतो.)

“चढताना एक आकडा, उतरताना दुसराच”

मर्यादा पद्धतीत उद्दीपक (आवाज, प्रकाश, जे काही द्यायचं ते) हळूहळू वाढवत न्यायचा, मग हळूहळू कमी करत आणायचा. दोन्ही मालिकांची उत्तरं जुळत नाहीत म्हणून मुलं घाबरतात आणि खोडरबर काढतात. खोडू नका, ती जुळायची नसतातच. काही जण “नाही, नाही, नाही” म्हणता म्हणता त्याच लयीत राहतात आणि आवाज ऐकू आल्यावरही “नाही” म्हणून जातात. ही सवयीची चूक. काही जण “आता येईलच” म्हणून आधीच “हो” म्हणतात. ही अपेक्षेची चूक. चढती आणि उतरती मालिका आलटून पालटून घेतली आणि सरासरी काढली की या चुका बऱ्याच अंशी एकमेकींना खोडतात.

पण बहुतेक गट प्रत्येक मालिका एकाच ठिकाणाहून सुरू करतात. तिसऱ्या मालिकेपर्यंत प्रयोज्य मनात पायऱ्या मोजायला लागतो. सातव्या पायरीला मागच्या वेळी “हो” म्हटलं होतं, म्हणून याही वेळी सातव्यालाच म्हणतो. आकडे सुरेख जुळतात आणि त्यांना काही अर्थ उरत नाही. सुरुवातीची जागा दर वेळी बदला.

जिथून उद्दीपक जाणवू लागतो त्या सीमेला ‘उंबरठा’ म्हणतात, पण हा शब्दही थोडा फसवतो. वाड्याचा उंबरठा दगडी, पिढ्यान् पिढ्या जागेवर. हा सरकतो. तोच आवाज तोच माणूस एकदा ऐकतो, पुढच्या क्षणी ऐकत नाही. म्हणून जो उद्दीपक निम्म्या वेळा, म्हणजे ५० टक्के फेऱ्यांत कळतो, त्याला उंबरठा मानायचं असा संकेत आहे. गुस्ताव फेख्नर यांनी १८६० साली मनोभौतिकीवरच्या (उद्दीपक आणि वेदन यांचं नातं मोजणाऱ्या शास्त्रावरच्या) ग्रंथात या मोजणीच्या पद्धती मांडल्या. ते भौतिकशास्त्राचे माणूस. रंगीत काचांतून सूर्याकडे बघून पश्चात्प्रतिमांचा (नजर हटवल्यावरही डोळ्यापुढे राहणाऱ्या आकृतींचा) अभ्यास करताना त्यांनी स्वतःचे डोळे दुखावून घेतले आणि पुढे काही वर्षं आजारपणात काढली. पश्चात्प्रतिमेचं प्रात्यक्षिक करताना सूर्याकडे, वेल्डिंगकडे किंवा मोबाइलच्या टॉर्चकडे बघायचं नाही, हे मी दर वर्षी बजावतो. लाल कागदाचा तुकडा अर्धा मिनिट एकटक पाहिला आणि मग नजर पांढऱ्या भिंतीवर नेली, एवढं पुरतं.

“हा प्रयोज्य फार तल्लख आहे, प्रत्येक वेळी ओळखतो”

जूनचा तिसरा आठवडा. बीडकडच्या एखाद्या गावात पेरणी खोळंबलेली, सगळे आभाळाकडे डोळे लावून बसलेले. लांबच्या रस्त्यावरून ट्रक गेला तरी कोणीतरी म्हणतं, “गरजूलालंय की!” तोच माणूस जानेवारीत त्याच ट्रककडे ढुंकून बघत नाही. कान तेच आहेत. “हो” म्हणायला मनाला किती पुरावा लागतो, तो कमी झाला आहे.

संकेत शोधन सिद्धांताचा गाभा हाच. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात रडारच्या पडद्यावरचा ठिपका विमानाचा की नुसता गोंधळ, या प्रश्नाभोवती हा विचार वाढला, आणि डेव्हिड ग्रीन व जॉन स्वेट्स यांनी १९६६ साली तो मानसशास्त्रासाठी ग्रंथरूपात मांडला. प्रात्यक्षिकात त्याचा अर्थ एवढाच की कोऱ्या फेऱ्या घ्या. आवाज न देताही विचारा.

समजा, दोघा प्रयोज्यांनी आवाजाच्या ५० फेऱ्यांपैकी ४० वेळा “हो” म्हटलं. जर्नलात दोघेही ८० टक्के, सारखेच हुशार. आता ५० कोऱ्या फेऱ्या बघा. पहिल्याने त्यांत ५ वेळा “हो” म्हटलं, दुसऱ्याने ३० वेळा. संख्याशास्त्रातल्या झेड तक्त्यावरून संवेदनक्षमतेचा निर्देशांक (खरा आवाज आणि कोरी फेरी किती वेगळी ओळखली त्याचं माप) काढला तर पहिल्याचा येतो सुमारे २.१ आणि दुसऱ्याचा ०.६. दुसरा तल्लख नाही, होकारी आहे. कोऱ्या फेऱ्या घेतल्याच नसत्या तर हा फरक दिसायला जागाच नव्हती. माझ्या मते पदवीच्या प्रात्यक्षिकांत एकच सुधारणा करायची असेल तर ही करावी. बाकीचं पुढे बघता येईल.

याला जोडूनच प्रयोगकर्त्याचा चेहरा. “नीट ऐक हं” हे वाक्य खऱ्या आवाजाआधीच बोललं जातं, कोऱ्या फेरीआधी नाही. सूचना कागदावर लिहून एकदाच वाचा आणि मग गप्प बसा. प्रयोज्याची पाठ तुमच्याकडे असेल तर आणखी बरं.

“फरक २० ग्रॅम आला” – कशावर २० ग्रॅम?

वजनाच्या प्रयोगात नुसते ग्रॅम लिहून उपयोग नाही, मूळ वजनाशी त्यांचं प्रमाण लिहायचं. वेबर यांना उचललेल्या वजनात साधारण एक चाळिसांश फरक कळतो असं आढळलं होतं. त्या हिशेबाने २०० ग्रॅमवर ५ ग्रॅम कळतील, ८०० ग्रॅमवर २० लागतील. मोंढ्यात पन्नास किलोचं पोतं पाठीवर घेणाऱ्या हमालाला त्यात पावशेर ज्वारी वाढवल्याचं कळणार नाही. पुडीतल्या पावशेरात मूठभर कमी पडली तर त्याच हाताला लगेच कळतं. फार हलक्या आणि फार जड वजनांना हे प्रमाण नीट लागू पडत नाही, म्हणून मधली वजनं घ्या.

डबे मात्र एकाच मापाचे हवेत. एका गटाने कमी वजनासाठी छोटी डबी आणि जास्त वजनासाठी मोठी बरणी घेतली होती, आणि निकाल उलटे आले म्हणून तराजूला दोष दिला. किलोभर कापसाचं गाठोडं आणि लोखंडी किलोचं माप उचलून बघा. दोन्ही तराजूत सारखी असूनही माप जड वाटतं, आणि खरं काय ते ठाऊक असूनही वाटतंच. ऑगस्तँ शार्पांतिये यांनी १८९१ मध्ये हा भ्रम नोंदवला. एकाच मापाच्या डब्यांत वाळू भरा, झाकणं चिकटवा, आणि प्रमाणित वजन (ज्याच्याशी तुलना करायची ते) निम्म्या वेळा आधी द्या, निम्म्या वेळा नंतर. क्रमामुळेही वजनाचा अंदाज झुकतो.

खोली, ऊन आणि जीभ

मे महिन्यात उन्हातून आलेल्या प्रयोज्याला लगेच तापमानाच्या किंवा प्रकाशाच्या प्रयोगाला बसवू नका. एक हात माठाच्या पाण्यात आणि दुसरा कोमट पाण्यात मिनिटभर ठेवून मग दोन्ही हात साध्या पाण्यात घाला. एकच पाणी एका हाताला गरम लागतं, दुसऱ्याला गार. जॉन लॉक यांनी सतराव्या शतकातच हे लिहून ठेवलं आहे.

डोळ्याला याहून जास्त वेळ लागतो. देवगिरीच्या किल्ल्यातल्या अंधारी वाटेत शिरल्यावर आधी काहीच दिसत नाही, हळूहळू भिंती उमटतात. डोळ्यातल्या शंकुपेशी (उजेडात काम करणाऱ्या) आठ-दहा मिनिटांत सरावतात, दंडपेशींना (अंधुक उजेडात काम करणाऱ्या) अर्ध्या तासापर्यंत वेळ लागतो. अंधार-अनुकूलनाच्या प्रयोगात पंधराव्या मिनिटाला कोणी वेळ बघायला मोबाइल उघडला की घड्याळ पुन्हा शून्यावर. वाचन टिपायला मंद लाल दिवा वापरा, दंडपेशींना तो फारसा जाणवत नाही.

चवीच्या प्रयोगात दोन गोष्टी अजून जर्नलांतून जात नाहीत. एक म्हणजे जिभेचा नकाशा : टोकाला गोड, मागे कडू. १९०१ च्या एका जर्मन संशोधनात जिभेच्या कडांवर चवींचे उंबरठे किंचित वेगळे आढळले होते. पुढे एडविन बोरिंग यांच्या १९४२ च्या ग्रंथातल्या आलेखावरून त्या किंचित फरकाच्या सीमारेषा झाल्या. प्रत्यक्षात चवीच्या कलिका जिथे जिथे आहेत तिथे सगळ्याच चवी कळतात. दुसरी गोष्ट तिखटाची. आपण षड्रसांत तिखट मोजतो, पण ते चवीच्या कलिकांचं काम नाही. मिरचीतलं कॅप्सेसिन ज्या ग्राहीला (चेतातंतूवरच्या संदेश टिपणाऱ्या रेणूला) चेतवतं, तोच ग्राही साधारण ४३ अंशांच्या पुढच्या उष्णतेनेही चेततो. डेव्हिड ज्युलियस यांच्या गटाने १९९७ मध्ये तो शोधला आणि २०२१ च्या नोबेलमध्ये त्यांचा वाटा होता. म्हणजे येसर आमटी तिखट झाली की तोंड ‘पोळतं’, हे आपलं क्रियापद अगदी बरोबर आहे. प्रयोगात तिखट ठेवलंच तर ते शेवटी ठेवा. पाण्याने ते जात नाही, दुधाने बरंच उतरतं.

आकडे फारच छान आले असतील तर

म्युलर-लायर भ्रमाच्या (टोकांच्या बाणांच्या दिशेमुळे सारख्याच लांबीच्या दोन रेषा लहान-मोठ्या वाटतात, त्याच्या) प्रात्यक्षिकात एका वर्षी बारा जर्नलांत एकसारखी सरासरी आली, दशांशासकट. मुलांना वाटतं परीक्षकाला गुळगुळीत आकडे आवडतात. खऱ्या माणसाचे आकडे खडबडीत असतात : एकदा ४ मिलिमीटरची चूक, एकदा ११ ची, मध्येच ६. शिवाय सलग चाळीस फेऱ्या घेतल्या तर सरावाने भ्रम कमी होत जातो. तो उतार आकड्यांत दिसला तर खोडू नका, चर्चेत लिहा. रेषा निम्म्या वेळा आत ढकलत आणि निम्म्या वेळा बाहेर ओढत जुळवायला सांगा, आणि बाणाची बाजूही पालटा. प्रत्येक चुकीपुढचं अधिक-उणे चिन्ह पुसू नका. अधिक-उणे दोन्ही असतील तरच भ्रम कोणत्या दिशेने आहे ते कळतं.

त्या दोघींना मी कसोटी परत करायला लावली, चिठ्ठ्या टाकून, मध्ये मध्ये एका टोकाच्या फेऱ्या घालून. चौथ्याच स्पर्शाला ओढणीखालची मुलगी गप्प झाली. बराच वेळ गेला. मग म्हणाली, “सर, एकबी लावूलालेत व्हय मधे?”

या वेळी आकडा आला साडेतीन सेंटिमीटर.