मानापमानाच्या भांडणात मध्यस्थी कशी करावी

आमच्या चोपडा तालुक्यात बांधाच्या भांडणाला तलाठी आहे, मोजणी आहे, कोर्ट आहे. मानाच्या भांडणाला मात्र मधला माणूसच लागतो. लग्नात टॉवेल-टोपी द्यायची राहून गेली, फ्लेक्सवर फोटो लहान छापला, ग्रामसभेत कुणी टाकून बोललं, की दोन घरांचं येणंजाणं बंद होतं आणि पोरांच्या पिढीपर्यंत बंदच राहतं. मी शाळेत इतिहास शिकवायचे. निवृत्त झाल्यापासून लोक ‘अक्का, तुम्ही चला’ म्हणून बोलावतात. या कामात मला सर्वात जास्त उपयोगी पडला तो आयर्लंड-इंग्लंडमधल्या पिस्तुलांच्या द्वंद्वांचा इतिहास.

तिथे द्वंद्वाला उभं राहणाऱ्या प्रत्येकाचा एक सोबती असे, त्याला ‘सेकंड’ म्हणत. वेळ आणि गोळी झाडण्याच्या अटी सोबतीच ठरवत. पण त्याआधी समेटाचा प्रयत्न करणं त्यांच्यावर बंधनकारक होतं. १७७७ साली आयर्लंडमध्ये क्लॉनमेलला टिपरेरी, गॉलवे, मेयो, स्लायगो आणि रॉसकॉमन या पाच परगण्यांच्या प्रतिनिधींनी द्वंद्वाची नियमावली ठरवली, तिच्यातच हे लिहिलेलं आहे. तिच्यातला रक्ताचा भाग मला कधीच मान्य होणार नाही. ती खानदानी पुरुषांपुरती होती. कुळाला, मजुराला, बाईला तिच्या लेखी मान नव्हताच. पण रागावलेल्या माणसाला कसं सांभाळायचं हे त्या लोकांना जीव गमावून कळलेलं होतं, आणि ते आपण घ्यावं.

पहिली गोष्ट, रात्री निरोप न्यायचा नाही. समोरचा पहाटेच्या आत गाव सोडून जाणार असेल तरच रात्री आव्हान पोचवावं, एरवी नाही, असं क्लॉनमेलचा नियम सांगतो. तापल्या डोक्याने काही घडू नये म्हणून. आपल्याकडे बोलावणं हमखास जेवणं झाल्यावर येतं. जाऊ नका. ‘सकाळी चहाला येते’ म्हणा आणि तोवर मोबाइलवर एक अक्षर टाकायचं नाही, एवढं कबूल करून घ्या. सकाळी दोघांना वेगवेगळं भेटा. त्यांची बायका-पोरं बाजूला असू द्या, मित्रमंडळी नको.

मग क्रम लावा. क्लॉनमेलच्या नियमावलीचा पहिलाच नियम असा: आगळीक ज्याची पहिली, माफीही त्याची पहिली, मग उलट उत्तर कितीही जहरी असो. उदाहरणही दिलंय. एकाने दुसऱ्याला उद्धट म्हटलं, दुसऱ्याने त्याला खोटारडा म्हटलं. खोटारडा ही शिवी मोठी, तरी आधी माफी पहिल्याने मागायची, दुसऱ्याने नंतर. मध्यस्थाचा अर्धा वेळ ‘पण तो मला काय बोलला ते बघा ना’ यातच जातो. हा नियम हातात असला की तो वेळ वाचतो.

एका लग्नातलं सांगते. मंडपात नवऱ्या मुलाच्या मामांना टॉवेल-टोपी द्यायची राहून गेली. मामा ताटावरून उठून गेले. संध्याकाळी नवरदेवाच्या चुलत्यांनी नातेवाइकांच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर लिहिलं, ‘काही लोक लग्नाला येतात की टोपीला?’ मी मामांकडे गेले तेव्हा ते एकच वाक्य बोलत होते, ‘अक्का, मन्ही इज्जत गयी.’ चुलत्यांचं म्हणणं, फोनवर सॉरी म्हणतो, विषय संपवा. मी वहीचा कागद घेतला आणि दोघांच्या घरी दोन-दोन चकरा मारून मजकूर ठरवला. चुलत्यांचा असा: ‘मंडपात मामांचा मान राहून गेला, ही चूक आमची. त्यावर मी ग्रुपवर जे लिहिलं ते मागे घेतो आणि माफी मागतो.’ त्याखाली मामांचा: ‘मी भरल्या ताटावरून उठलो, ते बरोबर झालं नाही.’ चुलत्यांना ‘चुकून’ हा शब्द हवा होता. मी म्हटलं, घाला, पण मग ‘माफी’ काढू नका. दोन्ही वाक्यं त्याच ग्रुपवर, त्याच क्रमाने गेली.

ग्रुपवरच का? १८२९ साली कॅथलिकांना ब्रिटनच्या संसदेत बसू देण्याचा कायदा होत होता. पंतप्रधान होते वेलिंग्टन, म्हणजे १८०३ साली आपल्या शेजारच्या असईला शिंदे-भोसल्यांच्या फौजांशी लढले तेच. विंचिल्सी नावाच्या उमरावाने ‘स्टँडर्ड’ वर्तमानपत्रात पत्र छापून त्यांच्या हेतूवर शिंतोडे उडवले. पत्रं गेली-आली, माफी मिळाली नाही, आणि २१ मार्चला बॅटरसीच्या मैदानात दोघे उभे राहिले. वेलिंग्टनचे सोबती होते हेन्री हार्डिंग, पुढे हिंदुस्थानचे गव्हर्नर जनरल झालेले. वेलिंग्टनची गोळी लागली नाही, विंचिल्सींनी आपली हवेत झाडली. मग त्यांच्या सोबत्याने लिहून आणलेला कागद पुढे केला. त्यात दिलगिरी होती, स्पष्ट माफी नव्हती. वेलिंग्टन म्हणाले, चालणार नाही. शेवटी तो शब्द तिथल्या तिथे घातला गेला. आणि त्या कागदात हेही कबूल केलेलं होतं की हा मजकूर त्याच ‘स्टँडर्ड’मध्ये छापला जाईल. अपमान जिथे झाला तिथेच माफी गेली पाहिजे. चारचौघांत घालवलेला मान फोनवर परत करता येत नाही.

हे सगळं मैदानात जायच्या आधी उरका. एकदा माणसं जागेवर उभी राहिली की गोळ्या झाडल्याशिवाय माफी घेता येणार नाही, असं क्लॉनमेलचे नियम म्हणतात. पारावर किंवा ग्रामसभेत गर्दी जमल्यावरही तसंच होतं, कुणीच मागे सरकत नाही. तिथे जायचं ते ठरलेलं वाचून दाखवायला.

संस्थेला बोललेलं कुणी अंगावर घेत असेल तर तिथे घाई अजिबात नको. जानेवारी १८१५ मध्ये आयरिश कॅथलिकांचे पुढारी डॅनियल ओकॉनेल यांनी डब्लिनच्या नगरपालिकेला भिकारडी म्हटलं. पालिकेतले एक सदस्य, डेस्टेर, यांनी ते स्वतःला लावून घेतलं. ओकॉनेल यांनी शब्द मागे घेतला नाही. १ फेब्रुवारीला किल्डेअर परगण्यात गोळ्या झाडल्या गेल्या आणि त्या जखमेने डेस्टेर गेले. ओकॉनेल यांनी पुढे डेस्टेर यांच्या मुलीसाठी दरवर्षी पैसे दिले. ‘तुमच्याबद्दल माझं काही म्हणणं नाही, पालिकेबद्दल आहे’ एवढं वाक्य दोघांच्या पदरात पडेल असं कुणी बसवलं असतं, तर? आपल्याकडे ‘ही पंचायत खाऊ आहे’ म्हटलं की एखादा सदस्य पेटून उठतो. तिथे हेच वाक्य आधी मिळवा.

मध्यस्थ म्हणून चिडका माणूस घेऊ नका. १८२१ साली लंडनच्या चॉक फार्मला क्रिस्टी नावाचे गृहस्थ आणि संपादक जॉन स्कॉट यांचं द्वंद्व झालं. क्रिस्टी यांनी पहिल्या फैरीत मुद्दाम बाजूला गोळी झाडली. सोबत्यांनी तिथेच थांबवायला हवं होतं. थांबवलं नाही, आणि दुसऱ्या फैरीत स्कॉट यांना गोळी लागून ते काही दिवसांनी वारले. समोरचा एक पाऊल मागे आला की ते ओळखून लगेच ‘झालं, मिटलं’ म्हणणारा माणूस हवा.

माफी मागणाऱ्यापेक्षा घेणाऱ्याला कधी कधी जास्त समजवावं लागतं. १८४३ साली लंडनमध्ये दोन साडू, फॉसेट आणि मन्रो, दोघेही लष्करी अधिकारी, घरच्या व्यवहारावरून द्वंद्वाला उभे राहिले. फॉसेट मेले, त्यांच्या विधवेला पेन्शन नाकारली गेली, आणि लोक खवळले. पुढच्याच वर्षी ब्रिटिश लष्कराच्या नियमांत घातलं गेलं की केलेल्या अपमानाची माफी मागणं हे मानी माणसाला शोभणारं आहे, आणि ती मोकळ्या मनाने स्वीकारणंही तितकंच. अडून बसलेल्या आप्पा-नानांना मी हे सांगते. ‘घेतली तर मी लहान होईन’ ही भीती त्याने उतरते.

हात उचलला गेला असेल तर मात्र हे काम आपलं नाही. क्लॉनमेलवालेसुद्धा मारहाणीवर नुसती तोंडी माफी घेत नव्हते. आपल्याकडे त्यासाठी पोलीस ठाणं आहे. आणि मुलीने स्वतःच्या मनाने लग्न केलं म्हणून ‘घराण्याची इज्जत’ असं कुणी म्हणत असेल, तर त्या घराचा निरोप घेऊन कुठेही जाऊ नका. मुलगी कुठे आहे, सुरक्षित आहे का, ते आधी बघा आणि ११२ ला फोन लावा.